दरवाज्यातला तिसरा

"हात आत घ्या गं. कुणाचा हात तुटला तर सहल माझ्या गळ्यात येईल," वर्गशिक्षिका पार्वतीबाई पुढच्या बाकावरून ओरडल्या. त्यांचं कुणी ऐकलं नाही. एसटी गोदावरीच्या पुलावर आली होती, आणि पुलावर गाडी आली की गंगेत पैसा टाकायचा हे गंगाखेडच्या लेकरांना शिकवावं लागत नाही. नववीच्या सगळ्या मुली एका अंगाच्या खिडक्यांना चिकटल्या आणि पाच-दहा पैशांची नाणी उडू लागली. निम्मी कठड्याला आपटून रस्त्यावरच पडत होती, पण टाकणारीनं हात जोडले की तिच्यापुरतं काम झालेलं असायचं.

मागच्या लांब बाकावर शाळेची शिपाई सगुणाबाई सतरंज्यांची गुंडाळी मांडीवर घेऊन बसली होती. ती आपल्या पायाच्या अंगठ्याकडे पाहत होती.

"मावशी, तुमी न्हाई टाकत पैसा?" शेजारच्या मनकर्णानं विचारलं. वर्गातली सगळ्यात चुणचुणीत मुलगी ती, तिला प्रश्न पोटात ठेवता येत नसे.

"आमच्यात न्हाई टाकत, बाय."

उत्तर खरं होतं आणि मनकर्णाला ते पुरलंही. पण सगुणाबाई पुलावर मान खाली घालायची, त्याचं कारण ते नव्हतं. लेक पिंगळीला दिली होती, तिच्याकडे येता-जाता हा पूल कितीदा तरी ओलांडावा लागे, आणि तेरा वर्षांत सगुणाबाईनं खालचं पाणी एकदाही पाहिलं नव्हतं. त्या पाण्यात आपलं काही नाही, असं तिनं ठरवून टाकलं होतं. ते ठरवणं तिनं फार जपलं होतं.

सहल निंबगडाला चालली होती. जिंतूरच्या पुढे डोंगरात थोरला गड आणि त्याच्यासमोर धाकटा कोट, असे दोन किल्ले एका दिवसात, गाईडसकट. मुख्याध्यापकांनी सहलीचा उद्देश 'ऐतिहासिक वास्तूंचा परिचय' असा लिहिला होता. मुलींना इतिहासाचं काही सोयरसुतक नव्हतं. दोन्ही किल्ल्यांवर मागे एका लढाईच्या सिनेमाचं शूटिंग झालं होतं. तो सिनेमा अजून दर जत्रेत तंबूच्या टॉकीजमध्ये लागायचा, आणि नायिका ज्या सज्जात उभी राहून रडली तो सज्जा डोळ्यांनी पाहायला मुली निघाल्या होत्या. इतिहासाच्या नावाखाली सिनेमा पाहायला मिळाला तर कोण नको म्हणेल?

सगुणाबाईनं ही सहल मागून घेतली होती. शाळेत लागल्यापासून तिनं कुणाकडे काही मागितलं नव्हतं. सहलीला नेहमी दुसरी शिपाई दगडाबाई जायची, कारण पाण्याचा पिंप तिच्या हातचा असायचा. सगुणाबाईनं पिंपाला हात लावू नये असा नियम कुणी केला नव्हता. तो मोडायलाही कुणी गेलं नव्हतं. या खेपेला मात्र ती पार्वतीबाईंच्या टेबलापुढे जाऊन उभी राहिली.

"बाई, मला घ्या सहलीला."

"तुम्हाला? अहो, गड चढायचाय. गुडघे दुखतात म्हणता ना?"

"चढते. सतरंज्या घेते, पोरींचं बगते. पाण्याला दगडाबाईलाबी घ्या."

पार्वतीबाई माणूस वाईट नव्हत्या. शेवटचं वाक्य ऐकून त्यांनी उगाचच खडूचा डबा सरळ केला आणि बरं म्हणाल्या.

निघताना सगुणाबाईनं पदराला एक गाठ मारली होती. गाठीत एक मेणबत्ती आणि काडेपेटी होती. निंबगडाच्या मोठ्या दरवाज्यात, उजवीकडून तिसऱ्या जागी, तिला ती लावायची होती. तिथं तिचा मुलगा पडला होता.

म्हणजे पडल्याचं सोंग केलं होतं. सूर्यभान तेव्हा एकोणीस वर्षांचा होता आणि उन्हाळ्यात मामाकडे गेला होता. मामाचं गाव गडाच्या पायथ्याशी. सिनेमाची कंपनी मोटारी भरून आली आणि आसपासच्या गावांतली पोरं सैनिक म्हणून घेतली. डोक्याला पगडी, अंगात अंगरखा, हातात पत्र्याची तलवार. परत आला तेव्हा उन्हानं त्याच्या नाकाची साल निघाली होती, आणि तो दारातूनच सांगत आला होता.

"माय, म्या तीनदा मेलो."

"काय बोलतूस?"

"सिनेमात गं. दरवाजा पडला की आपुन मरायचं. साहेबाच्या मनासारकं व्हईना, मनून तीनदा मारलं आमाला."

सगुणाबाई खळखळून हसली होती. खोटं मरण आलं की माणसाचं आयुष्य वाढतं, असं तिकडं सगळेच मानतात. दीक्षा घेतल्यापासून घरातले देव गेले, नवस गेले, अंगात येणं गेलं, पण ही एवढी समजूत कुठंतरी कोपऱ्यात राहून गेली होती. तिनं त्याच्या तोंडावरून हात ओवाळले आणि आपल्या कानशिलावर बोटं मोडली.

"मंग तीन जन्माचं आयुष्य घिऊन आलास की रं," ती म्हणाली.

त्याच पावसाळ्यात विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव झाला आणि मराठवाडा पेटला. सगुणाबाईचं गावही पेटलं. ज्यांच्या शेतात रोज खुरपायला जायचं त्यांच्याच घरातली माणसं रॉकेलचे डबे घेऊन वस्तीत शिरली. सूर्यभाननं आईला आणि बहिणीला ज्वारीच्या रानात बसवलं आणि दावणीची शेळी सोडायला तो माघारी गेला. शेळी आली. तो आला नाही. काठ्या घेतलेल्या माणसांनी त्याला नदीकडे पळवत नेलं, एवढं लोकांनी पाहिलं. गंगा दुथडी भरून चालली होती. त्याला पाण्यात उतरताना पाहिलं असं सांगणारा एक जण होता. बाहेर निघताना पाहिलेलं कुणी नव्हतं. प्रेत सापडलं नाही, आणि ज्यांची नावं घेतली ती माणसं पुढं सुटली. त्यातले दोघं अजून गंगाखेडच्या बाजारात भेटतात, बरं हाय का म्हणून विचारतात, आणि सगुणाबाई बरं हाय म्हणते.

नवरा तर त्याच्या आधीच गेला होता. मायलेकी गंगाखेडला आल्या, शाळेत काम मिळालं, झाडू-घंटा सुरू झाली. लेक कुसुमनं भाऊ नदीत गेला हे मानलं. पुढं लग्न होऊन पिंगळीला गेली तरी ती दरवर्षी घाटावर येऊन मेणबत्ती लावायची. सगुणाबाई तिच्याबरोबर कधी गेली नाही. सूर्यभानचा एक फोटोदेखील कधी काढलेला नव्हता. मढं पाहिल्याशिवाय आईनं रडायचं तरी कुणाच्या गळ्यात पडून?

मग वर्ष भरायच्या आतच तो सिनेमा गंगाखेडला लागला. दोघी जाऊन खाली पुढच्या बाकावर बसल्या. गडाचा दरवाजा कोसळला, पडदाभर धूळ उडाली, धूळ बसली तशी दरवाज्यात पडलेली माणसं दिसू लागली. उजवीकडून तिसरा. पालथा पडलेला, डावा हात छातीखाली, एक गुडघा पोटाशी घेतलेला. सूर्यभान तान्हा होता तेव्हापासून असाच निजायचा. कितीदा तिनं तो हात ओढून काढला होता, मुंग्या येतील म्हणून.

"ह्योच," तिनं कुसुमचं मनगट धरलं.

"कोण?"

"दादा तुजा."

भाकरी उलथायला लागतो तेवढाच वेळ तो दिसला आणि पडद्यावर घोडी धावू लागली. घरी येताना कुसुम दोन पावलं मागं चालत होती. शेवटी दारात आल्यावर म्हणाली, "माय, तोंड तर दिसत न्हाई त्याचं."

"माईला तोंड बगावं लागत न्हाई," सगुणाबाई म्हणाली आणि तो विषय तिथंच संपला.

त्यानंतर जिथं जिथं तो सिनेमा लागला तिथं तिथं ती गेली. दरवाज्याचा प्रसंग झाला की उठून बाहेर यायची. तंबूच्या दारावरचा माणूस चेष्टा करायचा, मावशी, हिरोईन तर अजून यायची हाय. करेना का. तिला तिचं मढं मिळालं होतं. त्याचं अंग फुगलेलं नव्हतं, डोक्यात काठी बसलेली नव्हती, जीव घेऊन पळताना त्याला कुणी गाठलेलं नव्हतं. हातात तलवार धरून, गडाच्या दारात, राजासाठी लढून पोरगं निजलं होतं. तेरा वर्षं तिनं त्याला तिथंच ठेवलं होतं, आणि आज पहिल्यांदा ती त्याच्या जागेवर चालली होती.

धाकट्या कोटाच्या पायथ्याशी गाईड उभा होता. बन्सीधर त्याचं नाव. पन्नाशीचा गडी, डोळ्यांना काळा चष्मा, डोक्यावर कंपनीच्या साहेबानं दिलेली टोपी. ती टोपी इतकी विटली होती की मूळची कोणत्या रंगाची हे आता साहेबालाही सांगता आलं नसतं. शूटिंगच्या वेळी गावोगावची पोरं गोळा करून द्यायचं काम त्याच्याकडे होतं, आणि कंपनी गेल्यापासून तो त्या महिनाभराच्या भाकरीवर जगत होता.

"किल्ला कुणी बांधला ते आधी सांगा, मुली लिहून घेतील," पार्वतीबाई म्हणाल्या.

"लय जुना हाय बाई. बादशाच्या टायमाचा," बन्सीधरनं बादशहाला एका वाक्यात वाटेला लावलं आणि काठीनं वर दाखवलं. "ह्यो सज्जा बगा पोरीहो. हितं हिरोईन रडली."

मुली वर पाहू लागल्या. एकदोघींचे डोळे खरोखर भरून आले.

"रडली कुठली. डोळ्यात औषिद घातलं व्हतं. वरून टमाटे खात व्हती आन् हसत व्हती. ह्या हातानं म्या टमाटे नेऊन दिले."

त्याची रीत अशी होती. आधी मुलींना भुलवायचं आणि मग टाचणी लावायची. हा खांब खरा, त्याच्या शेजारचा प्लास्टरचा. राजाच्या डोक्यावरचं छत्र म्हणजे गावच्या बँडवाल्याची छत्री. रक्त म्हणजे रंगाचं पाणी, त्याला माश्या लागल्या म्हणून साहेबानं सगळ्यांना शिव्या दिल्या. मुली खिदळत होत्या, पार्वतीबाईंनी वह्यांचा नाद सोडला होता. सगुणाबाई सगळ्यांच्या मागे सतरंज्या घेऊन चालत होती. तिला हे ऐकवत नव्हतं. आपल्या घरातली झाकलेली भांडी कुणी येऊन उघडी करावीत तसं तिला होत होतं. पण हा माणूस तेव्हा तिथं होता. सूर्यभानला पगडी यानंच बांधली असेल.

जेवणं गडाच्या वाटेवर एका लिंबाखाली झाली. बन्सीधर आपली भाकरी घेऊन एका दगडावर बसला होता. सगुणाबाई जवळ गेली आणि पदराची गाठ मुठीत धरून उभी राहिली.

"भाऊ, तवा शूटिंगला खालच्या वस्तीतल्या रामजीचा भाचा व्हता. सूर्यभान नावाचा. उंच, काळासावळा. हसला की वरचा दात दिसायचा."

बन्सीधरनं घास थांबवून आठवून पाहिलं. त्यानं प्रामाणिकपणे पाहिलं, उगाच डोकं हलवलं नाही.

"पोरं लय व्हते मावशी. दीडदोनशे. कोन कुठला ध्यानात ऱ्हातंय? तुमचा कोन?"

"ल्योक. दरवाज्यात पडला व्हता. मेलेल्यात."

"आस्सं? मंग ते मढ्यांचं लय मोठं गुपित हाय," तो एकदम खुलला. "आता न्हाई सांगत. वर चला, दावतोच तुमाला. अजून ठिवलेत जपून."

काय जपून ठेवलं असेल ते सगुणाबाईला उमगलं नाही, पण तिचा जीव हरखला. पगडी असेल. अंगरखा असेल त्याचा. गुडघ्यांची कुरकुर विसरून ती पायऱ्या चढू लागली, आणि एका वळणावर तर पोरींच्याही पुढे गेली.

निंबगडाचा मोठा दरवाजा पडद्यावर दिसायचा त्यापेक्षा लहान होता. कमान तीच होती, उजवीकडचा तुटका बुरूज तोच होता. आतली फरसबंदी गवतानं उसवली होती. सगुणाबाईला जागा शोधावी लागली नाही. उजव्या खांबापासून तिसऱ्या फरशीवर एक चीर होती, ती तिला तोंडपाठ होती. मुली पुढं निघून जातील, मग आपण मागं राहू, वाकून मेणबत्ती लावू, बुद्धाची तीन शरणं मनातल्या मनात म्हणू. तिनं सगळं ठरवून आणलं होतं.

"बाई, आमचा फोटो काढा ना मेलेला," मनकर्णा ओरडली, आणि पार्वतीबाईंनी कॅमेरा काढायच्या आत वीसेक मुली त्या फरशांवर धडाधड आडव्या झाल्या. कुणी जीभ बाहेर काढली, कुणी डोळे फिरवले. चिरेच्या फरशीवर मनकर्णाच पडली होती, उताणी, पोट धरून हसत.

"उठा गं, कपडे मळतेत," सगुणाबाई म्हणाली. तिचा आवाज इतका कोरडा निघाला की मनकर्णा हसायची थांबून तिच्याकडे पाहत राहिली.

"मळू द्या हो, सहल आहे," पार्वतीबाई म्हणाल्या आणि खटका दाबला.

फोटो झाला तसा बन्सीधरनं मुलींना कमानीच्या आतल्या बाजूला वळवलं. तिथं एक बुटकं दार होतं. आत पूर्वी तोफांची दारू साठवायचे. खिडकी नाही, झरोका नाही, भर दुपारी डोळ्यात बोट घातलं तरी दिसू नये असा अंधार. त्यानं बॅटरीचं बटण दाबलं, पुन्हा दाबलं, मांडीवर आपटून पाहिलं.

"मसाला संपला जनू. कुणाकडं मेणबत्ती हाय का?"

"सगुणाबाई, सकाळी तुमच्या पदरात मेणबत्ती दिसली होती ना?" पार्वतीबाईंनी विचारलं.

सगुणाबाईनं चिरेच्या फरशीकडे एकदा वळून पाहिलं. मग तिनं गाठ सोडली. सुतळीनं बांधावी तशी घट्ट मारलेली गाठ, ती सुटायला वेळ लागला आणि सगळ्या मुली पाहत राहिल्या. बन्सीधरनं काडी ओढली, वात पेटवली आणि मेणबत्ती उंच धरून आत शिरला. त्याच्यामागे मुली, पार्वतीबाई आणि शेवटी सगुणाबाई.

आत उंदरांचा आणि कुजट कडब्याचा वास होता. भिंतीशी माणसं पडलेली होती. पुढच्या दोन मुली किंचाळून मागच्यांच्या अंगावर आल्या.

"भिऊ नका, भिऊ नका. हेच ते गुपित," बन्सीधरचा आवाज त्या खोलीत घुमत होता. हे वाक्य म्हणायला त्याला फार आवडत असावं. "सिनेमात दरवाजा पडल्यावर मढे दिसतेत का न्हाई? त्यात जितं मानूस एकबी न्हाई. समदे कडब्याचे. आदी पोरंच निजवले व्हते. तीनदा निजवले. पन उन्हाचा चटका, खालून मुंग्या. एक खाजवायला की दुसरा हसायला. मेलेलं मानूस कुठं खाजवतंय का? साहेबाचं डोस्कं फिरलं. पोरं घरला धाडले, आन् म्या गावातून कडबा आनून हे मढे भरले. दुसऱ्या दिवशी शूटिंग ओके."

मुली हसल्या. एकीनं टाळ्यादेखील वाजवल्या. पार्वतीबाई म्हणाल्या, "कमाल आहे हो. आम्हाला अजिबात कळलं नाही."

"आजून कुनालाच कळलं न्हाई बाई. लोक येऊन सांगतेत, आमका मढा माजा भाऊ हाय, तमका माजा मेव्हना हाय. मी मनतो असंल बाबा."

पोरं घरला धाडली. सगुणाबाईला तो दिवस आठवला. सूर्यभान दारातून सांगत आला होता, तो दुसऱ्या दिवशीचं शूटिंग न पाहताच आला होता. साहेबानं त्याला काढून टाकलं होतं आणि त्याला ते ठाऊकही नव्हतं.

तिची नजर भिंतीवरून सरकत गेली आणि थांबली. तो तिथंच होता. पालथा, एक गुडघा पोटाशी, डावा हात छातीखाली. अंगरख्याचा रंग उडाला होता, पाठीवर उसवून कडबा बाहेर आला होता. पण निजणं तेच होतं. तंबूतल्या बाकावर बसून, रॉकेलच्या धुरात, तेरा वर्षं ज्याच्यासाठी ती रडत आली तो तिच्या पायापासून हातभर अंतरावर पडला होता.

"भाऊ," तिनं विचारलं, "ह्याला असा कुनी निजवला?"

"म्याच की. समदे म्याच निजवले."

"हात असा छातीखाली का घातला?"

"हात कुठला मावशी," बन्सीधर हसला. "हात तुटला व्हता त्याचा आनताना. कॅमेऱ्यात दिसाया नको मनून पालथा घातला, बाहीचं टोक खाली खुपसलं. हाय का न्हाई डोस्कं?"

मुलींना वास सहन होईना, त्या नाकाला ओढणी लावून बाहेर पडू लागल्या. पार्वतीबाई त्यांच्या मागे गेल्या. बन्सीधर मेणबत्ती फुंकणार तेवढ्यात सगुणाबाईनं हात पुढं केला.

"ऱ्हाऊ द्या. तुमी व्हा पुढं, मी घिऊन येते."

तो गेल्यावर तिनं मेणबत्ती एका दगडावर चिकटवली. ती गुडघ्यांवर बसली, दोन्ही हातांनी त्याला धरलं आणि उलटं केलं. वजन काहीच नव्हतं, एखादी उशीची खोळ उचलावी तसा तो वळला. डावी बाही रिकामी होती. आणि तोंड केलेलंच नव्हतं. गोणपाटाचा गोल, मधोमध सुतळीचे चार टाके. पालथाच पाडायचा होता, तर तोंड कोण कशाला करील?

आईला तोंड बघावं लागत नाही, असं ती म्हणाली होती.

ती रडली नाही. तेरा वर्षांचं रडणं या कडब्यावर सांडून गेलं होतं, आता नवं आणायचं कुठून? सूर्यभान कुठंच नव्हता. दरवाज्यात नव्हता, पडद्यावर नव्हता, त्या बन्सीधरच्या ध्यानातसुद्धा नव्हता. त्याचं तीनदा मरणं साहेबानं टाकून दिलं होतं आणि चौथं गंगेनं ठेवून घेतलं होतं. आपण कुणाच्या तरी भुशाला पोटचा गोळा समजून कवटाळत राहिलो आणि आपलं लेकरू तिकडं पाण्यात एकटं पडलं, कुसुमच्या एका मेणबत्तीवर. या विचारात ती कितीतरी वेळ तशीच, त्या रिकाम्या बाहीचं टोक धरून बसून राहिली.

बाहेरून पार्वतीबाईंनी हाक मारली तेव्हा ती उठली. उठण्याआधी तिनं त्याला पुन्हा पालथं केलं, बाहीचं टोक खाली नीट खुपसलं. मग मेणबत्ती विझवली आणि उरलेला तुकडा मुठीत घेतला.

दाराशी बन्सीधर थांबला होता. त्याला काहीतरी उशिरा आठवलं असावं, कारण त्यानं चष्मा काढला होता.

"मावशी, तुमी मनलं तो पोरगा... काय करतो आता?"

"न्हाई तो," सगुणाबाई म्हणाली. "गंगेत गेला."

हे शब्द तिनं कधी उच्चारले नव्हते. पोलिसाला सांगताना 'परत आला न्हाई' म्हणाली होती, शाळेत कुणी विचारलं तर 'न्हाई' म्हणून झाडू उचलायची. आज ते एका परक्या माणसापुढे सहज निघून गेले.

"कव्हा?"

"त्याच साली. गडबडीत."

बन्सीधरला साल ठाऊक होतं आणि गडबडही ठाऊक होती. टोपी काढून त्यानं ती विनाकारण झटकली आणि खाली पाहत पायऱ्या उतरू लागला. त्या दिवशी उरलेल्या गडावर त्यानं एकही गंमत सांगितली नाही, आणि मुली म्हणू लागल्या की गाईड दमला.

परतीच्या वाटेवर गाडीत गाण्यांच्या भेंड्या झाल्या, मग भांडण झालं, मग एकेक करून मुली झोपल्या. दगडाबाईनं रिकामा पिंप पायांत घट्ट धरला होता. मनकर्णा मात्र जागी होती. दुपारपासून ती सगुणाबाईकडे चोरून पाहत होती.

"मावशी, तुमी माज्यावर रागावल्या का? तितं मी पडले मनून?"

"न्हाई गं माय," सगुणाबाई म्हणाली. "तितं कुनीच नव्हतं."

मनकर्णाला ते कळलं नाही, पण राग नाही एवढं कळलं. तिनं सगुणाबाईच्या खांद्याला डोकं टेकलं.

दिवस मावळायच्या वेळी गाडी पुलावर आली. जाग्या असलेल्या दोनचार मुलींनी सवयीनं नाणी टाकली. मनकर्णानं मुठीतून दहा पैशांचं नाणं काढलं, सगुणाबाईकडे पाहिलं आणि ते परत ठेवून दिलं.

सगुणाबाईनं सतरंज्यांची गुंडाळी बाजूला ठेवली आणि मान वर केली. खिडकीला तोंड लावून ती पाहू लागली. हिवाळ्याचं पाणी, फार नव्हतं. मधे मधे वाळूची बेटं वर आली होती, काठाला कुणीतरी म्हशी धूत होतं, आणि नदी काही झालंच नसल्यासारखी खालून चालली होती. मेणबत्तीचा तुकडा तिच्या मुठीत मऊ झाला होता. गाडी पुलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेली तरी तिनं पापणी हलवली नाही. पूल संपला, ऊस सुरू झाला, तरी ती मागं वळून पाहत राहिली. तेरा वर्षांचं पाहायचं राहिलं होतं.